आबा त्या दिवशी घरीच होते

आधीच कबूल करतो, या सदरातले अनुभव मी वाचतो ते बहुतेक वेळा त्यातली खोट शोधायला. आयुष्यभर गणित शिकवलं. भूत, भानामती, अंगात येणं यांवर माझा कधीच विश्वास नव्हता, आणि त्याचं कारण शिक्षण नव्हे. कारण असं की मी गोंधळ्याच्या घरात जन्मलो. लोक ज्याला चमत्कार म्हणतात त्याची मागची बाजू मी लहानपणापासून पाहत आलो.

माझे वडील—आम्ही त्यांना आबा म्हणायचो—भागोजी गोंधळी. कुठल्याही गावात गेले की आधी न्हाव्याच्या पारावर जाऊन बसायचे. इकडच्या तिकडच्या गप्पा. कुणाची लेक नांदायला जात नाही, कुणाच्या घरात दोन भावांनी चूल वेगळी केली, सगळं हळूच काढून घ्यायचे. मग कथेत राणीच्या तोंडी बरोबर त्याच घरातलं दुखणं यायचं, आणि बाया पदर तोंडाला लावून रडायच्या... "आईनंच वदवून घेतलं," म्हणायच्या. मी एकदा आबांना विचारलं होतं, ही फसवणूक नाही का? ते म्हणाले, "ऐकणाऱ्याचं दुखतंय कुठं ते आधी इचारून घ्यावं लागतंय. हकीम इचारतो तवा त्येला कोन लबाड म्हणत न्हाई."

हे सांगायचं कारण एवढंच, की पुढची हकीकत वाचून 'मास्तर भोळे दिसतात' असं कुणाला वाटू नये. मी भोळा नव्हतो. मी फार संशयी होतो, आणि त्या संशयापायी एका माणसाचं फार वाईट झालं.

आमचं घर राणीसावरगावात, गंगाखेड तालुका, जिल्हा परभणी. गावाच्या खालच्या अंगाला दोन खणांचं मातीच्या धाब्याचं माळवद, पुढं थोडं अंगण. ही गोष्ट निजामी संपायच्या आधीच्या शेवटच्या उन्हाळ्यातली. मी तेव्हा तेवीस वर्षांचा, सरकारी तहतानिया शाळेत—म्हणजे प्राथमिक शाळेत—मास्तर होतो. उर्दू चांगली होती, म्हणून नोकरी मिळाली. गोंधळ्याचा पोरगा मास्तर झाला याचं गावाला कौतुक होतं. आबांना किती होतं, ते मला कधी नीट कळलं नाही.

आबा बाराव्या वर्षापासून त्यांच्या वडिलांबरोबर फिरले. लग्नसराईत गोंधळ तर असायचाच, पण त्यांचं खरं नाव झालं ते दिवसाच्या कथेमुळं. सुगी संपली, रानं मोकळी झाली की गावोगावच्या बाजाराला ते कथा लावायचे. डोक्याला पिवळा फेटा, गळ्यात कवड्यांची माळ, आणि डाव्या हाताला तुणतुणं घेऊन किसनकाका. दोघंच. पंचवीस वर्षं ही जोडी पोखर्णीपासून पार ताडकळसच्या पुढपर्यंत फिरली. आबा मधेच थांबून लोकांना विचारायचे, "कुठवर आलो आपुन?" आणि दोन-तीनशे माणसं एका आवाजात सांगायची, राणी कुठवर आली ते.

राणी म्हणजे सोनवंती. ही कथा आमच्याच घराण्याची, दुसऱ्या कुणाकडं मी ती ऐकलेली नाही. थोडक्यात सांगतो. दुष्काळ पडतो, राजा परमुलखात असतो, आणि सोनवंती राजाला न विचारता कोठार उघडून लोकांना धान्य वाटते. राजा परत येतो आणि तिला हाकलून देतो. कडेवर लेकरू घेऊन ती भावाच्या गावाला चालत निघते. भावाच्या वाड्याला सात दरवाजे. सहा दरवाजे पार करून ती सातव्यापाशी येते, कडी वाजवते... आणि तिथं आबा कथा थांबवायचे. "भावानं दार उघडलं का न्हाई, ते ज्यानं त्यानं आपल्या घरी जाऊन इचारा." एवढं म्हणून उठायचे. दर वर्षी तिथंच. लोक चिडायचे, हात जोडायचे, पण पुढचं कुणाला सांगितलं नाही. त्यांच्या वडिलांनीही सांगितलं नव्हतं.

पुढचं होतं मात्र. ते बापानं लेकाला एकदाच सांगायचं, असा आमच्या घरातला रिवाज. मी नोकरीवर रुजू व्हायला निघालो त्या सकाळी आबांनी मला गोठ्यात नेऊन ते सांगितलं. "तू काय गोंधळ घालणार न्हाईस. पण लेक हायेस, तवा ठेव तुझ्यापाशी." मी घाईत होतो... तरी ऐकलं. पाच मिनिटांचंही नव्हतं ते. ते जिवंत माणसांत फक्त आम्हा दोघांना ठाऊक होतं. किसनकाकांनाही नाही.

त्या उन्हाळ्यात आबांचा घसा गेला. आधी खरखर, मग सूज, मग आवाज पार बंद. गावात एक म्हातारे हकीमसाहेब होते, फार सज्जन माणूस. त्यांनी काढा दिला आणि मला बजावलं, "मास्टर, पंधरा दिन एक लफ्ज नक्को. बात करेंगे तो आवाज हमेशा का जाएगा." माझी शाळेची सुट्टी होती, म्हणून आबांपाशी बसायचं काम माझ्याकडं आलं.

नेमकी त्याच आठवड्यात ताडकळसच्या पुढं दोन कोसांवरच्या एका गावची कथा ठरलेली होती. गावाचं नाव देत नाही, त्या घरातली माणसं अजून आहेत. तिथला बाजार गुरुवारचा. आबा येऊ शकत नाहीत हा निरोप द्यायला किसनकाका मंगळवारीच निघाले. तुणतुणं बरोबर नेलं. मी म्हणालो, "निरोपाला तुणतुणं कशाला?" तर म्हणाले, "ते गळ्यात न्हाई तर मला चालायला येत न्हाई बाबा." मला हे खटकलं.

आणखीही काही खटकत होतं. गेल्या वर्षभरात किसनकाकांकडं अनोळखी माणसं येऊन राहायची. विचारलं तर पाव्हणे म्हणायचे. त्या दिवसांत असे पाव्हणे म्हणजे काय ते सगळ्यांना कळायचं. सरहद्दीपलीकडं निजामाविरुद्ध कँप होते, तिथून निरोप, कागद यायचे. किसनकाका गावोगाव फिरणारा माणूस. मला वाटायचं, हा माणूस आबांच्या कथेच्या आडून भलतंच काही करतोय आणि एक दिवस आबांना गोत्यात आणणार.

गुरुवारी आबांना जेवण गेलं नाही. दुपारी माळवदाखाली बाजेवर पडले. मी शेजारी पोतं टाकून बसलो. मला उर्दूची वरची परीक्षा द्यायची होती, त्याचं पुस्तक वाचत होतो. माय बाहेर ओसरीत डाळ निवडत होती. आबा दोन प्रहरापासून दिवस कलेपर्यंत डोळे मिटून होते. मी उठलो नाही, पाणी प्यायलाही नाही. हे मी इतकं बारीक का सांगतोय ते पुढं कळेल.

संध्याकाळी हकीमसाहेब आले. आबांना उठवलं, उजेडाकडं तोंड करून घसा पाहिला... आणि माझ्याकडं वळले ते रागानं लाल होऊन. "मैं क्या बोला था तुमको? कितना बुलवाए इनको?"

मी म्हणालो, "हकीमसाहेब, एक शब्द बोलले नाहीत."

"झूठ नक्को बोलो मास्टर. सुबह देख के गया मैं. ये गला घंटों बात करा हुआ गला है." आबा थुंकले, त्यात रक्त होतं.

मी शपथ घेतली. मायनंही सांगितलं. हकीमसाहेबांनी आम्हा दोघांकडं असं पाहिलं की मला अपमान वाटला. आबा काही बोलू शकत नव्हते. ते फक्त तांब्यानं पाणी पीत राहिले. एक तांब्या, दुसरा, तिसरा...

तेव्हा मी याचा काहीही अर्थ लावला नाही. म्हातारा माणूस, म्हातारी नजर, असं म्हणून सोडून दिलं.

शनिवारी सकाळी पोलीस आले. अमीनसाहेब—म्हणजे पोलिसांचा अधिकारी—दोन जवान आणि गावचे पाटील. अमीन उन्हानं घामाघूम झालेला, थकलेला माणूस होता. अंगणातच बाजेवर बसला आणि मला विचारलं, "भागोजी गोंधली किधर है?"

"आत. आजारी आहेत."

"परसों तो तंदुरुस्त था."

हकीकत अशी होती. गुरुवारी दुपारी त्या गावच्या बाजारात भागोजी गोंधळ्यानं कथा सांगितली. तीन तास. कथा संपल्यावर शे-दीडशे माणसं उठली, पुढं बाया, आणि थेट लेव्हीच्या कोठारावर गेली. शेतकऱ्यांकडून सक्तीनं घेतलेलं धान्य तिथं साठवलेलं होतं. कुलूप तोडून त्यांनी सगळं धान्य नेलं. पहारेकरी कथा ऐकायला बसलेला. गोंधळी पसार, त्याचा साथीदार किसन मात्र सापडला. त्यानंच जबाब दिला, की कथा भागोजीनं सांगितली.

त्या दिवसांत असल्या आरोपात माणूस आत गेला की बाहेर येईलच असं नव्हतं. मी म्हणालो, "साहेब, ते चार दिवस आतल्या बाजेवरून उठलेले नाहीत. इथून ते गाव म्हणजे गंगाखेड, मग गोदावरी ओलांडायची, मग पुढं... बैलगाडीनं दीड दिवस लागतो. आणि त्यांना आवाज नाही."

अमीन आत आला. आबांना म्हणाला, "बोल. नाम बोल अपना." आबांनी ओठ हलवले. नुसती हवा. अमीननं एकदम हातातली काठी बाजेच्या माचव्यावर दाणकन मारली. माय किंचाळली. आबा दचकून उठून बसले, तोंड वासलं... आणि त्या तोंडातून काहीच आलं नाही. माणूस ओरडतोय आणि आवाज नाही, ते पाहणं फार वाईट असतं.

हकीमसाहेबांना बोलावलं. त्यांनी लिहून दिलं, की हा माणूस आठ दिवसांपासून मुका आहे आणि गुरुवारी सकाळी व संध्याकाळी मी स्वतः त्याला याच घरात पाहिलं. गुरुवारच्या संध्याकाळी घशाबद्दल ते काय बोलले होते, ते मात्र त्यांनी सांगितलं नाही. मीही नाही सांगितलं. आमची नजरानजर झाली, एवढंच.

अमीन मला म्हणाला, "मास्टर, पढे-लिखे हो. दो में से एक झूठा है. बाप झूठा, नईं तो वो तुणतुणेवाला. लिख के दो."

मला त्यात कोडं दिसलंच नाही. आबा इथं होते. म्हणजे तिथं दुसरा कुणी होता. पिवळा फेटा बांधला, कवड्यांची माळ घातली की लांबून कुणीही गोंधळी भागोजी दिसतो. किसनकाकांच्या त्या पाव्हण्यांपैकीच एक असणार. आबांच्या नावावर काम उरकलं, पकडले गेल्यावर आबांचंच नाव पुढं केलं. सरळ हिशेब. मी कागद घेतला आणि उर्दूत लिहायला लागलो: किसन खोटं बोलतो, त्यानं माझ्या वडिलांचा वेश दुसऱ्याला देऊन...

आबांनी माझं मनगट धरलं. जोरात. मान हलवत होते—नाही, नाही. मला वाटलं, जुन्या मित्राची माया. मी मनगट सोडवून घेतलं आणि खाली सही केली.

पोलीस गेले. पाटील म्हणाले, "मास्तर, बाप वाचवलात." त्या दिवसापासून आबांनी माझ्याकडं बघणं सोडलं. काढा घ्यायचे तो मायच्या हातून.

चार-पाच दिवसांनी किसनकाकांची बायको, राहीकाकू, आमच्या दारात आली. मला वाटलं, आता शिव्याशाप. पण ती एवढंच म्हणाली, "त्येंचं तुणतुणं त्या गावात राहिलंय. तेवढं आणून दे. आमच्यातलं दुसरं कोन जाईल आता?"

नाही म्हणायला तोंड नव्हतं. मी गेलो. एक स्वार्थही होता—मला पुरावा हवा होता. तो दुसरा माणूस कोण ते कळलं, तर माझ्या मनाला लागलेली टोचणी जाईल असं वाटत होतं.

त्या गावात माझ्याशी कुणी बोलेना. सरकारी मास्तर, उर्दू शिकलेला... मी पारावर बसलो की माणसं उठून जायची. शेवटी एका पोरीनं बोट दाखवलं—तुणतुणं चंद्रभागाबाईच्या घरी आहे. मोठ्या शेतकऱ्याचं घर. बाई चाळिशीची, धिप्पाड. मी कोण ते सांगितलं नाही, किसनच्या गावचा आहे एवढंच म्हणालो. तिनं तुणतुणं आणून दिलं. मग मी परीक्षेतल्यासारखे प्रश्न विचारायला सुरुवात केली.

"तो गोंधळी उंच होता का?"

"मध्यम. दर सालचाच की. भागोजी."

"चेहरा जवळून पाहिला?"

"ह्या इथं, तुमी बसलात तेवढ्यावर होता. डाव्या भुवईवर खोक हाय त्येला." खोक होती, लहानपणी बैलानं मारल्याची. "पण तुमी कामून असं उलटंपालटं इचारायलात? कोन हात तुमी?"

मी म्हणालो, "लोक म्हणतात तो भागोजी नव्हता."

ती हसली. "आमी पंधरा सालापासून ऐकायलोत त्येला. एवढंच, की अवंदा घसा बसल्यावानी होता. लय हळू बोलायला. सगळी माणसं सरकून सरकून पार अंगाजवळ आली ऐकायला. आन..."

"आणि काय?"

"दर साली दारापाशी आणून सोडून जातो. अवंदा न्हाई सोडलं."

मी हातातलं तुणतुणं खाली ठेवलं आणि विचारलं, "मग दार उघडलं का भावानं?"

"भाऊ आतच बसून होता," चंद्रभागाबाई म्हणाली. "भनीचा आवाज वळखला त्येनं, पर उठला न्हाई. दार भावजयीनं उघडलं. काई इचारलं न्हाई, काई बोलली न्हाई. कमरेची कोठाराची किल्ली काढली, सोनवंतीच्या हातात दिली, आन म्हणाली, तुमी उघडा वन्सं, माझे हात कापायलेत."

शब्द न शब्द तोच. गोठ्यात आबांनी सांगितलेला. 'माझे हात कापायलेत' इथपर्यंत.

तिला काय वाटलं कोण जाणे, ती हळू आवाजात पुढं म्हणाली, "कुलूप तोडलं म्हणतेत ना? कुणी तोडलं न्हाई. त्या कोठाराची किल्ली आमच्याच मालकाकडं असती." आणि मग जीभ चावल्यासारखी एकदम उठली. "जावा आता तुमी. दिवस बुडंल."

परतीच्या वाटेवर मी सगळ्या शक्यता मांडल्या. आबांनी कधीतरी किसनकाकांना शेवट सांगितला असेल? पंचवीस वर्षांत एकदा तोंडून निसटला असेल? मग भुवईवरची खोक? ती रंगवता येते. आवाज? घसा बसल्याचं सोंग आणता येतं. पण खोट्या भागोजीनं घसा बसल्याचं सोंग का आणावं? अशानं लोकांना उलट संशयच आला असता... आणि हकीमसाहेब जे म्हणाले ते? एका प्रश्नाला उत्तर सापडायचं तर दुसरा निसटायचा.

मी तसाच गंगाखेडच्या पोलीस नाक्यावर गेलो. अमीनला म्हणालो, माझा जबाब मला परत घ्यायचा आहे. तो मग म्हणाला, "वो सच्चा है तो बाप को लाऊँ? बोलो मास्टर, किसको लाऊँ?"

मी जबाब तसाच राहू दिला. घरी आलो.

किसनकाकांना परभणीच्या तुरुंगात नेलं. पोलीस ॲक्शन झाली, निजामी संपली, त्यानंतर ते सुटले. आले ते स्वतःच्या घरी न जाता आधी आमच्या अंगणात. अंगावर मांस राहिलं नव्हतं. उजव्या हाताची दोन बोटं वळत नव्हती, म्हणजे तुणतुण्याची तार आता छेडता येणार नव्हती. आबा बाजेवर होते. ते उठले आणि दोघं एकमेकांना धरून किती तरी वेळ उभे राहिले. आबांना तोपर्यंत नुसती कुजबूज करता येत होती, त्याच्यापुढं तो आवाज कधी गेलाच नाही. पंचवीस वर्षांची जोडी त्या उन्हाळ्यात संपली ती संपलीच. त्यानंतर आबांनी कथा सांगितली नाही.

मी किसनकाकांच्या पायावर डोकं ठेवलं. ते म्हणाले, "तू लिहून दिलंस ते बरं केलंस, दत्तू. न्हाईतर ह्याला नेलं असतं. हा टिकला नसता तिथं."

"पण काका, तुम्ही खोटंच सांगायचं होतं. दुसराच कुणी होता म्हणायचं. सुटला असता."

"कोन दुसरा?" त्यांचा आवाज चढला. "तू माझ्यावर अजून सवशय घ्यायलास व्हय? मी निरोप द्यायला गेलो होतो. दिला बी. लोकं उठायला लागली, तर नदीच्या अंगानं हा येताना दिसला. एकटाच. मला वाटलं, बरा झाला, निघाला मागून. येऊन बसला, माझ्याकडं बघून मान हालवली, मी तार लावली. एक शबूद बोलला न्हाई माझ्यासंगं. तीन तास पाण्याचा थेंब घेतला न्हाई. कथा झाली, मी तुणतुणं गळ्यातून काढूस्तोर उठून गेला. पाव्हण्यांचं म्हणशील तर होते, ते मी कबूल करतो. त्येंच्यासाठी कागद नेले मी. पर कथेत त्येंचा हात न्हाई. डाव्या हाताला बसतोय मी ह्येच्या जलमभर... मला माणूस कळना व्हय?"

मी आबांकडं पाहिलं. आबांनी मान खाली घातली होती.

त्यानंतर आबा सहा वर्षं होते. आमचं बोलणं हळूहळू पुन्हा सुरू झालं, पण त्या गुरुवारचा विषय दोघांपैकी कुणी काढत नव्हतं. शेवटच्या वर्षी एका सकाळी मी त्यांची दाढी करत होतो. अंगणात ऊन आलं होतं. का कोण जाणे, विचारलं, "आबा, त्या दिवशी दुपारी तुम्ही झोपला होता ना?"

"न्हाई."

"मग?"

"पडून होतो," ते त्या कुजबुजत्या आवाजात म्हणाले. "जीव लागना. सारखं वाटायलं, माणसं येऊन बसली असतील. येवढं अंतर चालून आलेली माणसं. अवंदा लेकरांच्या तोंडचं काढून नेलंय त्येंच्या. मंग तुला इचारलं."

"मला? काय विचारलं?"

"जाऊन येऊ का म्हणून."

"आबा, तुम्हाला आवाज नव्हता."

"व्हटानं इचारलं. तू पुस्तकातून वर बघितलंस, माझ्याच तोंडाकडं बघितलंस. मान हालवलीस."

वस्तरा माझ्या हातातच राहिला. मी म्हणालो, "मग तुम्ही... गेलात?"

आबा माझ्याकडं असे बघत राहिले, जणू मीच काहीतरी विचित्र विचारतोय. "तू जा म्हणालास ना," ते म्हणाले, आणि उरलेला गाल पुढं केला.

आता आबा नाहीत, किसनकाका नाहीत, हकीमसाहेब तर कधीच गेले. मुलांना सांगितलं तर ती म्हणतात, घशाचं इन्फेक्शन होतं आणि खेडेगावात अफवा होतात. असेलही. माझ्याकडं दुसरं स्पष्टीकरण नाही. सोनवंतीचा शेवट त्या गावात कसा पोचला, हे मी किती तरी वेळा कागदावर मांडून पाहिलं, आणि प्रत्येक वेळी कागद फाडला.

मला छळतं ते वेगळंच. त्या दुपारी मी कुठला धडा वाचत होतो, माय ओसरीत काय पुटपुटत होती, सावली अंगणात कुठवर आली होती, हे सगळं मला आजही सांगता येतं. वर पाहिल्याचं मात्र आठवत नाही. मान हलवल्याचं आठवत नाही.

पण नाही हलवली, असंही मला म्हणता येत नाही.